शेवट पुन्हा मत्राला आणा: टूर ऑफ ओमानच्या संयोजकांना खुले पत्र

प्रति,
टूर ऑफ ओमानचे सर्व संयोजक,
मस्कत.

सप्रेम नमस्कार.

मी 2009 च्या मार्चमध्ये मस्कतला आलो. कामाने क्वांटिटी सर्व्हेअर, म्हणजे रस्त्याला खडी किती लागली, डांबर किती पडलं, किती ट्रक माती उचलली, याचा हिशेब ठेवणारा माणूस. तुमची सायकल शर्यत फेब्रुवारी 2010 मध्ये पहिल्यांदा झाली, तेव्हा मला इथे येऊन वर्षही झालं नव्हतं. त्या वर्षी फाबियान कान्सेलारा जिंकला. तेव्हापासून दर फेब्रुवारीत एक तरी दिवस मी रस्त्याच्या कडेला उभा असतो. 2020 मध्ये सुलतान काबूस यांच्या निधनामुळे शर्यत झाली नाही, 2021 मध्ये कोविडमुळे झाली नाही. ती दोन वर्षं फेब्रुवारी सुनासुना गेला.

मागणी आधी सांगतो, म्हणजे पुढचं वाचताना मनात राहील. शर्यतीचा शेवटचा टप्पा पुन्हा मस्कतमधल्या मत्राच्या किनारी रस्त्यावर संपवा. ग्रीन माउंटनचा, म्हणजे जबल अख्दर डोंगराचा, चढ आदल्या दिवशी घ्या. हे काही नवीन नाही. 2022 मध्ये तुम्ही हेच केलं होतं. पाचव्या दिवशी जबल अख्दरचा चढ झाला, यान हिर्टने शर्यत तिथे आपल्या हातात घेतली, आणि सहाव्या दिवशी सगळे मत्राला आले. त्याच्या आधीही किती तरी वर्षं शेवट मत्रालाच होत असे. 2023 पासून सहाचे पाच टप्पे झाले आणि शेवट डोंगरावर गेला. मत्रा हातचं गेलं.

मत्राला शर्यत संपायची म्हणजे काय व्हायचं, ते तुम्ही व्यासपीठावरून पाहिलं असेल. मी मासळी बाजाराच्या बाजूने पाहिलं आहे, म्हणून ते सांगतो.

साल 2017. दुपारची वेळ. मत्राचा सूक, म्हणजे जुना बाजार, दुपारी एकच्या सुमाराला बंद होतो आणि चार वाजता पुन्हा उघडतो, त्यामुळे टप्पा आठवड्याच्या कुठल्याही वारी असला तरी मधल्या वेळात सूकमधला माणूस मोकळा असतो. लोबान विकणारे, कापडवाले, चांदीच्या दुकानात बसणारे कच्छी भाटिया, हॉटेलातले मल्याळी, गोदीवरून जेवायला सुटलेले पाकिस्तानी, सगळे कठड्याला टेकून रांगेने उभे. ओमानी आजोबा पांढऱ्या दिशदाशात, नातवाला खांद्यावर घेऊन. वर किल्ला, खाली बंदरात गलबतं. आधी हेलिकॉप्टरचा आवाज येतो. मग पोलिसांच्या मोटारसायकली. मग काही क्षण एकदम शांत होतं, आणि मग तो आवाज येतो, जो टीव्हीवर कधी येत नाही: शंभरावर सायकलींची चाकं आणि साखळ्या एकत्र फिरल्याचा, मधमाश्यांचं मोहोळ उठल्यासारखा. घोळका पुढून जातो तेव्हा वाऱ्याचा झोत अंगावर येतो आणि अंगातला सदरा हलतो. माझ्या शेजारचा पोरगा दचकून दोन पावलं मागे गेला आणि लगेच पुढे आला.

त्या दिवशी टप्प्यात किनाऱ्यावरून फेऱ्या होत्या, त्यामुळे घोळका पुन्हा येणार हे सगळ्यांना कळलं होतं. पहिल्या फेरीनंतर गर्दी दुप्पट झाली, कारण आत झोपलेल्यांना लोकांनी उठवून आणलं. माझ्या डाव्या हाताला मासळी कापणारा एक बांगलादेशी होता, सगळे त्याला चाचा म्हणतात. सुरमई साफ करता करता तसाच बाहेर आलेला, मनगटापर्यंत खवले चिकटलेले, हात पुसायलाही थांबला नव्हता. दुसऱ्या फेरीला एका स्वाराने रिकामी होत आलेली पाण्याची बाटली कडेला टाकली. ती रस्त्यावर आपटली, उसळली, आणि चाचाच्या पायाशी आली. त्याने ती उचलली, उलटीसुलटी करून पाहिली, त्यावरची अक्षरं त्याला वाचता येत नव्हती. मला विचारलं, "किसका है?" मी टीमचं नाव सांगितलं. त्याने मान हलवली, जणू त्या टीमला तो वर्षानुवर्षं ओळखत होता. शेवटच्या फेरीला नॉर्वेचा आलेक्झांडर क्रिस्टॉफ स्प्रिंट, म्हणजे शेवटची वेगाची धाव, जिंकला. चाचा ओरडत होता, कोणासाठी ते त्यालाही ठाऊक नसावं.

ती बाटली अजून आहे. पुढे मासळी बाजार नव्या इमारतीत गेला, तेव्हा सुऱ्या, पाटा आणि ती बाटली एवढंच चाचाने स्वतःच्या हाताने नेलं. ओट्याच्या वरच्या फळीवर ठेवलेली असते. मी सुरमई घ्यायला गेलो की फेब्रुवारीच्या आसपास तो एकदा तरी विचारतो, "इस साल आएगा ना साइकिल?" 2023 पासून मला नाही म्हणावं लागतं. म्हणजे शर्यत येते चाचा, पण इकडे संपत नाही.

आता डोंगराबद्दल. ग्रीन माउंटनचा चढ मी स्वतः पाहिला आहे आणि त्याचं मोल मला माहीत आहे. 5.7 किलोमीटर, सरासरी साडेदहा टक्के चढ. आमच्या हिशेबात दहा टक्के म्हणजे शंभर मीटर पुढे गेलात की दहा मीटर वर. असा रस्ता बांधताना रोलर घसरू नये म्हणून किती काळजी घ्यावी लागते ते मला विचारा. त्यावर सायकल चढवणं ही साधी गोष्ट नव्हे. 2013 मध्ये क्रिस फ्रूमने ही शर्यत जिंकली आणि त्याच जुलैत तो टूर द फ्रान्स जिंकला. 2016 मध्ये विन्सेन्झो निबाली इथे जिंकला आणि मे महिन्यात त्याने जिरो द इटालिया ही इटलीची मोठी शर्यत जिंकली. वर्षाच्या सुरुवातीला कोणाचे पाय तयार आहेत, हे या चढावर कळतं. म्हणून चढ काढा असं मी म्हणत नाही.

पण त्या चढावर जायचं कसं, याचा विचार करा. बिरकत अल मौझहून वर जाताना पोलीस चौकी लागते. तिथून पुढे फक्त फोर बाय फोर गाडी सोडतात. नियम योग्य आहे. उतारावर ब्रेक तापून निकामी होतात, साध्या गाड्यांचे तिथे अपघात झाले आहेत, आणि रस्त्याच्या कामात असल्यामुळे या नियमाची बाजू मी दहा जणांपुढे घेतली आहे. पण त्याचा परिणाम असा, की शर्यतीचा सगळ्यात मोठा क्षण त्यालाच प्रत्यक्ष बघता येतो ज्याच्याकडे फोर बाय फोर आहे, किंवा ती भाड्याने घेण्याइतके पैसे आहेत. शिवाय मस्कतहून तिथे पोचायला दीड-दोन तास. आणि वार कोणता? 2023, 2024, 2025, तिन्ही वर्षी शर्यत शनिवारी सुरू झाली आणि बुधवारी संपली. आपल्याकडे सुट्टी शुक्रवार-शनिवारची. बुधवारी दुपारी कोणता कारकून, कोणती नर्स, कोणता गवंडी इतक्या लांब जाऊन येईल?

मस्कत क्लासिक ही एक दिवसाची शर्यत 2023 पासून तुम्ही टूरच्या आदल्या शुक्रवारी ठेवता, ते फार चांगलं केलंत. सुट्टीच्या दिवशी रस्त्यावर माणूस दिसतो हे तुम्हालाही तिथे दिसलं असेल. पण क्लासिक वेगळी, आणि पाच दिवसांची शर्यत संपते तो क्षण वेगळा. आघाडीवरच्या स्वाराची लाल जर्सी अंगात घातलेला माणूस शेवटची रेघ ओलांडतो, तो क्षण आम्हाला हवा आहे.

मी हे इतकं मनाला का लावून घेतलं, ते सांगितल्याशिवाय पत्र अर्धवट राहील.

माझं लहानपण खोपोलीचं. मुंबई-पुणे सायकल शर्यत आमच्या दारावरून जायची. खोपोली सोडली की बोरघाट सुरू होतो आणि वर खंडाळ्याला जो आधी पोचेल त्याला 'घाटाचा राजा' म्हणायचे. शर्यत पुण्यात कोण जिंकलं हे आम्हाला दुसऱ्या दिवशी पेपरात कळायचं, आणि खरं सांगायचं तर त्याची फारशी पर्वाही नसायची. आमच्यासाठी घाटाचा राजा हाच राजा. आम्ही पोरं सकाळी चालत शिंग्रोबाच्या देवळापर्यंत जायचो, जिथे ट्रकवाले नाणी टाकून पुढे जातात, आणि कठड्यावर बसून वाट पाहायचो. रेल्वेचे, सेनादलाचे स्वार यायचे, घामाने निथळत, मान खाली. आई-मावश्या कळशीतून तांब्या-तांब्या पाणी त्यांच्या डोक्यावर ओतायच्या. एका स्वाराने पाणी अंगावर पडताच मान वर करून माझ्या मावशीला "जियो" म्हटलं होतं. मावशी ते पुढे वीस वर्षं सांगत होती. त्या शर्यतीने आमच्या गावातल्या किमान चार मुलांना सायकल घ्यायला लावली, त्यांतला एक मी.

माझी बहीण आता पुण्यात असते. जानेवारी 2026 मध्ये तिथे पुणे ग्रँड टूर झाली, परदेशी संघ आले, तेव्हा तिने मला व्हिडिओ पाठवला. शाळेतली पोरं गणवेशात रस्त्याच्या दोन्ही बाजूंना, गावातल्या बायका घरासमोर सडा घालून उभ्या. घोळका निघून गेल्यावरही पोरं हात हलवतच होती. मी तो व्हिडिओ ऑफिसात तीन वेळा पाहिला आणि मला मत्रा आठवलं.

रस्त्याच्या कडेला माणूस नसला तर काय होतं, याचं उदाहरण लांब शोधायला नको. टूर ऑफ कतार 2002 मध्ये सुरू झाली, तुमच्यापेक्षा आठ वर्षं आधी. बेल्जियमचे महान सायकलपटू एडी मर्क्स तिच्या मागे उभे होते, जसे ते तुमच्याही शर्यतीमागे उभे राहिले. टॉम बोनन ती चार वेळा जिंकला. वाळवंटातल्या आडव्या वाऱ्यात घोळका कसा फुटतो, स्वार एकमेकांच्या आडोशाला तिरप्या रांगा कशा करतात आणि एका चुकीने मिनिटभर मागे कसे पडतात, हे बघायला जगभरचे जाणकार टीव्हीपुढे बसायचे. ऑक्टोबर 2016 मध्ये दोह्यात जागतिक अजिंक्यपद झालं, पीटर सागान जिंकला, मार्क कॅव्हेंडिश दुसरा, बोनन तिसरा. यापेक्षा मोठी नावं कोणती आणणार? पण रस्त्याच्या कडा रिकाम्या होत्या, आणि जगभरच्या वार्तांकनात सागानच्या विजयाइतकीच त्या रिकाम्या कडांची चर्चा झाली. त्याच डिसेंबरात टूर ऑफ कतार बंद झाल्याची बातमी आली. कारण पैशांचं सांगितलं गेलं आणि ते खरंच असणार. पण लोकांचा जीव ज्या शर्यतीत गुंतलेला असतो, ती पैशावाचून बंद पडायला लागली तर कोणी तरी उठून बोलतं. तिथे कोण बोललं? मला तरी कोणाचा आवाज ऐकू आला नाही. ओमानच्या शर्यतीचं तसं झालेलं मला बघायचं नाही.

तुमची बाजूही मी समजून घेतली आहे. शेवटचा टप्पा स्प्रिंटचा असला की शर्यतीचा निकाल आदल्या दिवशीच लागतो, आणि टीव्हीवाल्यांना शेवटच्या दिवसापर्यंत उत्सुकता हवी असते. डोंगरावर शेवट केला की शेवटच्या किलोमीटरपर्यंत कोणी उठत नाही. हे खरं आहे. हेलिकॉप्टरमधून दिसणारे हाजर पर्वताचे सुळके युरोपातल्या थंडीत बसलेल्या माणसाला ओमानला यावंसं वाटायला लावतात, हेही खरं. मत्राचा किनारी रस्ता दुपारभर बंद ठेवला की रुवीपर्यंत गाड्या तुंबतात आणि पोलिसांच्या डोक्याला ताप होतो, हे तर मी स्वतः त्या तुंबलेल्या गाड्यांत बसून अनुभवलं आहे.

तरीही मत्राच. हेलिकॉप्टरला मत्रासारखी जागा कुठे मिळणार? एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूला काळेकभिन्न डोंगर, मध्ये पांढऱ्या घरांची अर्धवर्तुळाकार रांग आणि कठड्याला माणसं. माणूस दिसला की देश दिसतो. आणि स्प्रिंटरला शेवटच्या दिवशी जिंकायला काही उरलं, तर चांगले स्प्रिंटर पाचही दिवस शर्यतीत राहतात. आज डोंगराच्या शेवटच्या दिवशी त्यांचं काम फक्त वेळेत वर पोचणं एवढंच. उत्सुकताच हवी असेल, तर मस्कतच्या आतच चढ आहेत. बौशर-अमरातचा घाट तुम्ही पूर्वी वापरला आहे. तो शेवटच्या दिवशी मध्ये घ्या, मग मत्राला उतरा.

अमरातचं नाव निघालं म्हणून 2015 चा चौथा टप्पा आठवला. वाळूच्या वादळामुळे सुरुवातीची जागा बदलली, मग ऊन इतकं चढलं की उतारावर टायर फुटायला लागले. तेव्हाच्या सायकलींना रिमवर दाबणारे ब्रेक होते. उतारावर सारखा ब्रेक दाबला की रिम तापते, खालून रस्ता तापलेला, मध्ये टायर. स्वार पुलाच्या सावलीत थांबले आणि पुढे जायला तयार होईनात. वाद झाला, पण शेवटी तो टप्पा रद्द झाला. बाहेर त्यावर बरीच टीका झाली. मला मात्र त्या दिवशी तुमच्याबद्दल आदर वाटला. सायकल चालवणाऱ्यांचं म्हणणं ऐकून एक अख्खा दिवस सोडून देणं सोपं नसतं. त्यामुळेच हे पत्र लिहायचं धाडस केलं. तुम्ही ऐकता हे मी पाहिलं आहे.

आणखी दोन छोट्या गोष्टी. रस्ता कधी बंद होणार आणि घोळका कुठून कधी जाणार, याची माहिती अरबी आणि इंग्रजीत येते. ती हिंदी, उर्दू, मल्याळम आणि बंगालीतही द्या. या देशात राहणाऱ्या शंभर माणसांपैकी चाळीसहून अधिक बाहेरून आलेली आहेत. त्यांतल्या बहुतेकांना शर्यत कळते ती रस्त्यावर पोलिसाने अडवल्यावर. आदल्या दिवशी कामगारांच्या वस्तीत एक कागद चिकटवला, किंवा मुकादमाच्या मोबाइलवर एक मेसेज गेला, तर तो अडवला गेलेला माणूसच टाळ्या वाजवायला उभा राहील. आमच्या साइटवरचे कामगार रोज पहाटे सायकलनेच येतात, हँडलला डबा अडकवून. सायकल काय असते हे त्यांना कोणी समजवायला नको.

दुसरं, डोंगराच्या दिवशी बिरकत अल मौझच्या चौकीपासून वरपर्यंत ये-जा करणाऱ्या बसेस सोडा, ज्यांच्याकडे साधी गाडी आहे किंवा गाडीच नाही त्यांच्यासाठी. त्या चढाच्या कडेला दोन हजार माणसं उभी राहिली तर तुमच्या स्वारांचे पाय हलके होतील, हे मी शिंग्रोबापाशी पाहिलेल्या अनुभवावरून सांगतो. ओमानचा राष्ट्रीय संघ तुमच्या शर्यतीत उतरतो. ती मुलं मोठ्या संघांच्या मागे पडतात, पण शेवटपर्यंत येतात. मागून एकटा चढणाऱ्या त्या मुलाला त्याच्याच देशाची माणसं नावाने हाक मारताहेत, असं एकदा तरी होऊ द्या.

हे पत्र मराठीत लिहिलं, कारण मला माझ्या भाषेतच मनातलं नीट सांगता येतं, आणि मस्कत, सोहार, सलालाहमधल्या मराठी मंडळींनी ते वाचून आपली सही जोडावी अशी इच्छा आहे. मंडळाच्या गणपतीला आपण सगळे एकत्र येतो, मग फेब्रुवारीत एका दुपारी रस्त्याच्या कडेला का नाही? अरबी आणि इंग्रजी प्रत सोबत पाठवतो आहे. अरबी भाषांतर माझ्या ऑफिसातल्या एका ओमानी सहकाऱ्याने केलं. त्याने भाषांतर संपवून एवढंच विचारलं की मत्राचा दिवस ठरला तर सुट्टी कशी टाकायची. मी म्हटलं, सुट्टीची गरज नाही, जेवणाच्या वेळेत होतं.

सूकमधली दुकानं एक वाजता बंद होतात आणि चारला उघडतात. तेवढ्या वेळात शेवटच्या फेऱ्या येतील असं पाहा. आम्ही मासळी बाजारासमोर, कठड्याच्या डाव्या बाजूला असू.

आपला नम्र,
मस्कतमध्ये राहणारा खोपोलीचा एक सायकलप्रेमी